सुखरामची आरमारी बखर

हिंदी मुलखातल्या पोलाद कारखान्याच्या वसाहतीत, मरोद्यात, सुखरामच्या ओट्यावर नवखा माणूस बसला की अडकलाच म्हणून समजा. प्लेट मिलमध्ये जन्म गेलेला, समुद्र जेमतेम दोन दिवस पाहिलेला हा गृहस्थ पूर्व किनाऱ्यावरच्या नौदलाच्या तळाचा इतिहास असा सांगायचा, जणू पाया यानंच खणला. इंग्रजांच्या वेळी तिथं नुसत्या कोळ्यांच्या झोपड्या. मग लढाई आली, धक्का बांधला, जखमींसाठी टेकडीवर तंबू ठोकले. तंबूंच्या बराकी झाल्या, बराकींचं मोठं मिलिटरी हॉस्पिटल झालं. एकाहत्तरच्या लढाईत भाजलेले खलाशी तिथून आपल्या पायांनी घरी गेले.

इथवर येऊन सुखराम थांबायचा. पुढचं त्यानं बायकोलाही सांगितलं नव्हतं. शेजारी त्याची टर उडवायचे खरे, पण पुढचं विचारायची छाती कोणाची नव्हती. त्याचा मुलगा कमलेश नौदलात होता आणि त्याच हॉस्पिटलात तापानं गेला, हे साऱ्यांना ठाऊक होतं.

भाड्याची खोली पाहायला आलेल्या प्रवीणला ते ठाऊक नव्हतं. परवा दिवेलागणीला त्या पोरानं सरळ विचारलं, "फिर, काका? आप कब गए थे वहाँ?"

सुखरामची बायको सिंधुताई आतून आली आणि उंबऱ्यातच बसली.

"सांगा न. इतके वर्सं झाले. तुमच्या तोंडून आयकाचं हाय मले."

प्रवीण ओशाळून चपला शोधू लागला.

सुखरामला रडू फुटलं. "घरी न्या म्हणत होता. बाबा, मले मायजवळ न्या. अन् मी वॉर्डबॉयकडून आयकलेला हाच इतिहास त्याले सांगत बसलो. इथून मोठेमोठे जखमी बरे होऊन गेले, तू कायले भेतं? आयकता आयकताच गेला तो."

सिंधुताईच्या डोळ्यांत टिपूस नव्हतं. "मले मालूम हाय."

"कोनं सांगतलं?"

"कमलेशनंच. रोज येते तो या वक्ताले, तुमच्या बाजूले बसते. त्याले तुमच्यासंगं बोलाचं रायते. पन तुमचं तोंड बंद होईन तवा न!"

ओटा एकदम गार वाटायला लागला. सुखरामनं तोंड मिटलं, आणि थोडं सरकून बाजूला जागा केली.