कोळसा आणि हुरडा

आमच्या शेताच्या कडेला विहीर होती आणि तिच्या पलीकडे हद्दीचा दगड. शेजारी भावकीतलाच. एका उन्हाळ्यात नांगरट झाली आणि दगड विहिरीच्या अलीकडे आला. दगड काही स्वतः चालत येत नाही, पण अदालतीला हे पटवून द्यावे लागते.

अदालतीने पैमाइशीचे एक तज्ज्ञ नेमले. काळी अचकन, पितळेचे यंत्र, यंत्रावर धरायला छत्री. दिवस हुरड्याचे होते. साहेबांनी सकाळी थोडी मोजणी केली आणि दुपार शेजाऱ्याच्या आगटीजवळ भाजलेला हुरडा खात घालवली. अहवाल आला: दगड मूळ जागीच आहे, विहीर शेजाऱ्याची. निजामाच्या राज्यात तो उर्दूत असणार हे उघडच होते. मी परभणीला उर्दूत शिकत होतो, म्हणून वडिलांना मीच मराठीत सांगितला.

वडील एवढंच म्हणाले, "खाली कोळसा हाय."

आजोबांच्या काळी हद्दीचा दगड रोवताना खाली कोळसा पुरत. लाकूड कुजते, दगड हलतो, कोळसा तिथेच राहतो. दगड हलवणाऱ्याला हे ठाऊक नव्हते.

वकिलाने हरकत घेतली: दुसरा तज्ज्ञ नेमा, दोन्ही जागा खणा. मुन्सफांना खणणे मान्य झाले, दुसरा तज्ज्ञ नाही. जागा माहीत असलेला माणूस असताना नवा कशाला? ज्याने चूक केली त्यालाच ती शोधायला पाठवले की सरकारचा खर्च वाचतो.

साहेब पुन्हा आले. दगडाखाली नुसती माती निघाली. विहिरीपलीकडे, जुन्या जागी, हातभर खाली कोळसा लागला. वडिलांनी मूठभर उचलून दाखवला. साहेबांनी रुमालाने नाक झाकले.

दुसऱ्या अहवालात दगडाखालच्या मातीचा उल्लेखच नव्हता. कोळशाबद्दल एक वाक्य होते: या भागात हुरडा भाजण्याचा रिवाज असून तो आम्ही स्वतः पाहिला आहे, सबब शेतात कोळसा सापडणे स्वाभाविक आहे. उर्दूत ते फार सुरेख वाटत होते.

वडील भर अदालतीत म्हणाले, "सरकार, हुरडा काय जमिनीत पुरून भाजतेत व्हय?"

लोक हसले. मुन्सफांनी हसणाऱ्यांना बाहेर काढले आणि अहवाल कायम केला.

त्यानंतर आई पाण्याला नदीवर जाऊ लागली. पुढच्या हिवाळ्यात हुरडा आला तसा शेजारी दारात उभा राहिला. "दादा, या की हुरड्याला. आगटी विहिरीपाशीच हाय, पाण्याची बी सोय हाय."

"आगटी वर पेटवायलास का जमिनीखाली?" वडिलांनी विचारले.

तो गोंधळून माझ्याकडे पाहू लागला. त्याला उर्दू येत नव्हते. निकालाच्या दिवशी तो अदालतीत आलाही नव्हता, आणि अहवाल त्याने कुणाकडून वाचूनही घेतला नव्हता. त्याला गरजच पडली नव्हती.