डोळ्यांवरची काळी पट्टी

नव्वदच्या दशकात आमच्या कोल्हापुरातल्या मासिकात मी मुलांचे फोटो बिनधास्त छापायचो. घरातून पळालेला असो की चोरीत धरलेला, नाव, गाव, बापाचा धंदा सगळं यायचं. कुणाचा कोण हे सांगितल्याशिवाय आमच्याकडे माणसाची ओळख पुरी होतच नाही. त्यात काही चुकतंय असं मला कधी वाटलं नाही.

पुढं मुलांच्या संरक्षणाचा नवा कायदा आला आणि माझं डोकं उठलं. वकील मित्र दर अंकाला बजावायचा, "नाव नको, फोटो नको, ओळख पटेल असं काहीच नको." मी वैतागून म्हणायचो, मग कोरी पानं विकू का?

त्याच सुमारास जोतिबाच्या डोंगरावरच्या एका चौदा वर्षांच्या मुलीनं शाळेतल्या बाईंना सांगून स्वतःचं लग्न थांबवलं. मला तिचं कौतुक छापायचं होतं. वकिलाला न विचारताच नाव गाळलं, फोटोत डोळ्यांवर काळी पट्टी मारली आणि कायदा पाळला म्हणून मोकळा झालो. पण जित्याची खोड! मजकुरात लिहिलंच, 'पायऱ्यांजवळच्या गुलाल-नारळाच्या दुकानदाराची थोरली.'

अंक निघाल्यावर आठवड्याभरात ती बाईंबरोबर कचेरीत आली. अंक टेबलावर ठेवून म्हणाली, "अशी पट्टी चोराच्या डोळ्यावर मारत्यात. गाव म्हणतंय, हिनं कायतरी केलं असणार. मी काय केलं हाय?"

मी कायदा समजावू लागलो. तिनं शांतपणे ऐकून घेतलं.

"कायदा लपवा म्हणतोय न्हवं? मग आमचं दुकान कशाला छापलंसा?"

इतके दिवस कायद्याला शिव्या घालत होतो, त्या दुपारी पहिल्यांदा स्वतःची चीड आली.

महिन्याभरानं बाईंचा निरोप आला. बापानं तिची शाळा सोडवून तिला आजऱ्याला मावशीकडं धाडलं होतं. तिथं ती काजू सोलत होती.

मी पुढच्या अंकासाठी माफीनामा लिहिला. वकिलानं वाचून परत दिला. "हे छापलंस तर तिला पुन्हा चव्हाट्यावर आणशील." त्याचं खरं होतं, म्हणून आणखीच संताप झाला. आजऱ्याला जाऊन तोंडानं माफी मागायचं धाडसही मला झालं नाही.

तो कागद अजून माझ्या कपाटात आहे. त्यावर मात्र तिचं पूर्ण नाव आहे.