सिंधुबाईंचा फिक्टे

सिंधुबाई काकड पंचवटीत भाजी विकतात. मेथी, कोथिंबीर, शेपू, कांदापात. फक्त पालेभाजी, आणि तीही स्वतःच्या दीड एकरातली. मखमलाबादच्या पुढे त्यांचं रान आहे. वय छप्पन्न. गेल्या वर्षी त्या तत्त्वज्ञान विषय घेऊन बी.ए. झाल्या. ज्या अभ्यासकेंद्रावर त्या दर रविवारी येत, तिथे मी शिकवत असे. निवृत्तीनंतर घरी बसवत नव्हतं म्हणून हे काम घेतलं होतं. त्यांच्या तोंडी परीक्षेची गोष्ट दुसरं कुणीतरी लिहील म्हणून मी वर्षभर वाट पाहिली. कुणी लिहिली नाही. मला लिहायची सवय नाही, तेव्हा यात काही चुकलं असेल तर चूक माझी समजावी.

पहिल्या रविवारी त्या आल्या तेव्हा वर्गात सात जण होते. सिंधुबाई पहिल्या बाकावर बसल्या. पिशवीतून वही काढली, चष्मा काढला आणि म्हणाल्या, "हां सर, करा सुरू."

मी विचारलं, "तत्त्वज्ञानच का घेतलंत?"

"यादीत शेवटी व्हतं. म्हटलं, हे कुणी घेत नसंल. आपल्याला नीट शिकवतील."

त्यांचं लग्न सतराव्या वर्षी झालं. शिक्षण दहावी नापास. पंचेचाळिशी ओलांडल्यावर दहावी केली, मग बारावी. यजमान लहानूभाऊ सांगत, "ही पुस्तक घेऊन बसली की मला घरात पाहुण्यासारखं वाटतं." पण रविवारी दुकान तेच सांभाळत, आणि गिऱ्हाइकाला सांगत, "मालकीणबाई कॉलेजला गेल्यात."

तिसऱ्या वर्षाला जर्मन तत्त्वज्ञ होते. फिक्टे आला. मी एकतीस वर्षं फिक्टे शिकवला. माझ्या टिपणांचे कागद पिवळे पडले होते, पण मी तेच वापरायचो. आधी चरित्र सांगायचं, मग विचार, असा माझा क्रम.

चरित्र ऐकताना सिंधुबाईंनी वही मिटून ठेवली. अडीचशे वर्षांपूर्वीचं एक खेडं. बाप फिती विणणारा, घरात पोरं पुष्कळ. हा थोरला, गावाचे पाळीव हंस राखायला जायचा. एकदा गावात एक सरदार आला. त्याला चर्चमधलं प्रवचन ऐकायचं होतं, पण पोहोचायला उशीर झाला. कुणीतरी म्हणालं, हंसवाल्या पोराला बोलवा, तो ऐकलेलं सगळं म्हणून दाखवतो. पोराने अख्खं प्रवचन म्हणून दाखवलं. सरदार खूश झाला आणि त्याने पोराच्या शिक्षणाचा भार उचलला.

"हंस राखायचा," सिंधुबाई म्हणाल्या. "म्हणजे आपल्याकडं शेळ्या. आन सरदार टायमावर आला असता तर?"

"तर कदाचित फिक्टे झाला नसता."

"लय बरं झालं उशीर झाला ते."

मग विचार. फिक्टे विद्यार्थ्यांना म्हणायचा, समोरच्या भिंतीचा विचार करा. केला? आता भिंतीचा विचार जो करतोय, त्याचा विचार करा. तिथून त्याचं सगळं तत्त्वज्ञान सुरू होतं. 'मी' ही आधीपासून पडून असलेली वस्तू नाही. 'मी' ही कृती आहे. आणि या 'मी'ला काहीतरी आडवं यावं लागतं, त्याशिवाय त्याला स्वतःचा पत्ता लागत नाही. मी नेहमी चेंडूचं उदाहरण द्यायचो. चेंडू भिंतीवर आपटला की परत फिरतो.

"चेंडूला काय कळतं?" सिंधुबाई म्हणाल्या. "जुडीचं बघा ना सर. मेथी मुठीत धरली की ती उलटी दाबते. तवाच कळतं हातात किती जोर हाय. मोकळ्या हाताला काय बी कळत नाय."

मी चेंडू सोडून दिला.

शेवटी फिक्टेच्या मरणाची हकिगत सांगितली. युद्ध चालू होतं. त्याची बायको इस्पितळात सैनिकांची शुश्रूषा करायला जायची. तिला ताप लागला. हा तिच्या उशाशी बसून राहिला. ती वाचली, पण तिचा ताप याला लागला आणि हा गेला. वय फक्त एक्कावन्न.

सिंधुबाईंनी चष्मा काढून वहीवर ठेवला. मग म्हणाल्या, "जल्मभर मी-मी म्हटला, आन मेला बायकोच्या तापानं. सर, त्यानं 'तू'चं काही लिहिलं नाय का?"

"तसं टिपणात काही नाही," मी म्हणालो.

"लिहिलं असंल. उशाशी बसणारा माणूस हाय तो."

तिसऱ्या वर्षाला एक प्रकल्प असतो. वीसएक पानं लिहायची, बांधून आणायची आणि बाहेरून आलेल्या परीक्षकांपुढे त्यावर उत्तरं द्यायची. बहुतेक जण पुस्तकातलं उतरवून आणतात. सिंधुबाईंनी विषय घेतला, 'फिक्टेचा मी आणि माझा मी'. दुपारी रानात जुड्या बांधायचं काम असतं, तेव्हा त्यांचे हात गुंतलेले, तोंड मोकळं. त्या सांगत आणि सून हर्षाली समोर बसून लिहून घेई. मी मधूनमधून विचारायचो, "दाखवता का?" त्या म्हणायच्या, "पुरं झाल्यावर." पुरं झालं ते थेट टायपिंगच्या दुकानात गेलं. परीक्षेच्या दिवशी सकाळी त्यांनी बांधलेली प्रत तशीच पिशवीत घातली आणि केंद्रावर आल्या.

परीक्षक पल्लवी सोनजे मॅडम मालेगावहून आल्या होत्या. चाळिशीच्या, चटपटीत. मी बाजूच्या खुर्चीवर बसलो. मार्गदर्शकाने बसायची पद्धत आहे, बोलायची नाही. मॅडमनी दोन दिवस आधीच टायपिंगच्या दुकानातून आतल्या पानांची छायाप्रत मागवून प्रकल्प वाचला होता. बांधलेली प्रत हातात घेऊन त्यांनी मुखपृष्ठ पाहिलं आणि माझ्याकडे पाहिलं.

"सर, यावर तुमचं नाव आहे."

"मार्गदर्शक म्हणून असेल," मी म्हणालो.

"नाही. लेखक, प्राध्यापक गायधनी. विद्यार्थ्याचं नावच नाही."

सिंधुबाई पुढे वाकल्या. चष्मा लावून पाहिलं. "अगं बाई. हे टायपिंगवाल्या कुंदनचं काम. मी कागद दिलं आन म्हटलं, सरांना द्यायचे कागद हायत, नीट छाप. भाजीची पिशवी हातात व्हती. त्याला वाटलं, मी पोचवायला आले."

मॅडम हसल्या, पण थोड्याच. "मूळ वही आहे का?"

"हाय." त्यांनी वही दिली.

"हे अक्षर तुमचं नाही."

"सुनेचं हाय. मी सांगितलं, तिनं लिहिलं."

मॅडमनी वही खाली ठेवली. "हे बघा, सिंधुबाई. प्रकल्प उत्तम आहे, इतक्या वर्षांत मी असा वाचला नाही. म्हणून तर विचारायला हवं. मुखपृष्ठावर सरांचं नाव, वहीत सुनेचं अक्षर. तुमचं यात काय?"

प्रकल्प दुसऱ्याचा ठरला असता तर पदवी तर गेलीच असती, वर नक्कल केल्याचा शिक्का बसला असता. सिंधुबाईंच्या चेहऱ्यावर घाबरल्याची खूण नव्हती. त्या म्हणाल्या, "विचारा की. माझं असंल तर मला येईल."

मॅडमनी एक पान उघडलं आणि मोठ्याने वाचलं. मीही ते तेव्हाच पहिल्यांदा ऐकलं.

'माहेरी माझे नाव झुंबर होते. लग्नात ताटात तांदूळ पसरून त्यात अंगठीने सिंधू असे लिहिले. दुसऱ्या दिवशी सासूबाईंनी हाक मारली, सिंधू. मी वळले नाही. सिंधू कोण ते मला माहीत नव्हते. त्यांनी पुन्हा हाक मारली. तिसऱ्या हाकेला मी वळले. तांदळात लिहिले तेव्हा मी सिंधू झाले नाही. वळले तेव्हा झाले. म्हणून मला वाटते, मी आपोआप होत नाही. कुणी तरी तू म्हणते आणि आपण ओ देतो, तेव्हा मी होतो.'

मॅडमनी पानात बोट ठेवून प्रत मिटली.

"हा विचार फिक्टेने स्वतः मांडलाय," मॅडम म्हणाल्या. "दुसऱ्याच्या हाकेशिवाय 'मी' जागा होत नाही, हा. पण तुमच्या अभ्यासपुस्तकात तो नाही, मी पाहिलंय. तुम्हाला कुठून मिळाला?"

"त्यानं बी म्हटलंय?" सिंधुबाईंचा चेहरा खुलला. माझ्याकडे वळून म्हणाल्या, "बघा सर. म्हटलं नव्हतं, उशाशी बसणारा माणूस हाय?"

मॅडमही माझ्याकडे वळल्या. "सर, हे तुम्हीच सांगितलं असणार. त्यात वाईट काही नाही. मार्गदर्शक जास्त मदत करतात कधीकधी. फक्त तसं सांगा."

पुढचे दोन-चार क्षण मी गप्प राहिलो, हे लिहायलाच हवं. 'उत्तम' हा शब्द माझ्या नावाला आयुष्यात फारसा चिकटला नव्हता, आणि तो समोर होता. शिवाय खरं उत्तर द्यायचं तर एका परक्या परीक्षकापुढे आणि माझ्या विद्यार्थिनीपुढे मान्य करावं लागणार होतं, की एकतीस वर्षं जो माणूस शिकवला, त्याचा अर्धा विचार मी वाचलेलाच नाही.

फिक्टेच्या बाबतीतही हेच घडलं होतं. त्याचं पहिलं पुस्तक निघालं तेव्हा त्यावर त्याचं नाव नव्हतं. लोकांना वाटलं, हे थोर कांटचंच. कांटने जाहीरपणे सांगितलं, हे माझं नाही, त्या तरुणाचं आहे. हे मी दरवर्षी वर्गात गंमत म्हणून सांगत असे.

"माझं नाही," मी म्हणालो. "मला हे ठाऊक नव्हतं. त्यांनी वर्गात विचारलं होतं, फिक्टेने 'तू'बद्दल लिहिलंय का. मी म्हणालो, नाही. मी त्यांना चुकीचं शिकवलं."

मॅडमनी मान डोलावली. त्यांना पटलं असावं, पण एवढ्यावर सोडणाऱ्या त्या नव्हत्या. खुर्ची पुढे घेऊन म्हणाल्या, "ठीक. मग सिंधुबाई, आता तुम्हाला अडवते. सासूच्या हाकेने तुम्ही 'मी' झालात. सासू कुणाच्या हाकेने झाली?"

"तिच्या सासूच्या."

"आणि ती?"

"तिच्या."

"असं मागे जात जात पहिली बाई येईल. तिला कुणी हाक मारली?"

हा प्रश्न जुना आहे आणि अवघड आहे. याच्या उत्तरासाठी फिक्टेलाही बरंच दूर जावं लागलं, हे मी नंतर वाचलं. सिंधुबाईंनी दोन्ही हात टेबलावर ठेवले. उजव्या हाताची मूठ त्यांनी अर्धी मिटली, जुडी धरल्यासारखी, आणि सोडली.

"पहिलीचं मला नाय माहीत, मॅडम. मागचं मला दिसत नाय. पुढचं दिसतं. हर्षालीला मी हाक मारली. तिचं लग्न झालं तवा बायांनी तांदळाचं ताट आणलं. मी म्हटलं, घेऊन जा ते. ही आली तीच हर्षाली आत येईल. मग मी दारातून हाक मारली, हर्षाली. ती पहिल्याच हाकेला वळली."

"हे प्रकल्पात नाही," मॅडम म्हणाल्या.

"तिच्यासमोर कसं सांगू? तीच लिहीत व्हती ना."

आता मॅडम मनापासून हसल्या. थोडं थांबून म्हणाल्या, "माझंही नाव बदललं होतं. पल्लवी माहेरचं. नोकरीच्या कागदांवर मी तेच ठेवलं." मग त्यांनी बांधलेली प्रत सिंधुबाईंपुढे सरकवली आणि स्वतःचं पेन दिलं. "मुखपृष्ठावर तुमचं नाव लिहा. तुमच्या हाताने. मी शेजारी सही करते."

सिंधुबाईंना लिहायला वेळ लागतो. त्या एकेक अक्षर पूर्ण करून पुढच्याकडे जातात, आणि शिरोरेघ सगळ्यात शेवटी ओढतात. सिंधुबाई लहानू काकड. मॅडम थांबल्या होत्या, घड्याळाकडे न पाहता. बाहेर पुढचा विद्यार्थी दारातून डोकावून गेला.

रेघ ओढून झाल्यावर सिंधुबाईंनी माझ्याकडे पाहिलं. "सर, तुमचं नाव लेखक म्हणून हाय. खोडू का ऱ्हाऊ देऊ?"

"खोडा," मी म्हणालो.

त्यांनी 'लेखक' या शब्दावर एकच सरळ रेघ मारली, नाव तसंच ठेवलं. मग क्षणभर विचार करून त्या नावाच्या अलीकडे बारीक अक्षरात लिहिलं, 'चेंडू सोडला ते'.

मॅडमनी ते वाचलं आणि विचारलं, "हे काय?"

"ते आमचं हाय," सिंधुबाई म्हणाल्या आणि पेन परत दिलं.