आजोबांचे राखलेले केस

नव्वदच्या दशकात माझे वडील गेले. पुरुषमंडळी त्यांना घेऊन पंचगंगेकाठच्या स्मशानाकडे निघाली, तशी मीही निघाले. आत्यानं दंडाला धरून मला आत आणून बसवलं. रडू राहिलं बाजूला, माझा नुसता संताप झाला होता.

आम्हा बायकांत एकच पुरुष होता, वडिलांचे नव्वदीतले काका, म्हणजे आमचे आजोबा. पायांनी साथ सोडल्यामुळे तेही मागे राहिले होते. तरुणपणी ते फिरत्या नाटक कंपनीत बायकांची कामं करायचे. त्यावरून आम्ही त्यांची मनसोक्त चेष्टा करायचो. त्या दिवशी मात्र ते आपणहून बोलायला लागले.

कंपनीचा मुक्काम इचलकरंजीत होता. शेजारीच मूकपटाचा तंबू पडला आणि सगळी गर्दी तिकडे वळली. कंपनीत एकवेळच चूल पेटू लागली. जे थोडे प्रेक्षक उरले, ते तेव्हा पोरसवदा असलेल्या आजोबांचे कमरेखाली पोचणारे खरे केस बघायला यायचे. बाकीच्यांचे टोप असत. अशात त्यांचे वडील गेल्याचा निरोप आला. मालकानं जायला परवानगी दिली, पण केसांना वस्तरा लावायचा नाही या अटीवर. सगळ्यांचं पोट त्या केसांवर होतं.

आता बाप गेल्यावर मुलानं डोकं भादरायचं नाही, हे कोण ऐकून घेणार? शेवटी धाकट्या भावाला न्हाव्यापुढे बसवलं. अग्नी त्यानंच दिला. सुतक संपवून आजोबा परत गेले, तर कंपनीच मोडलेली. पडदे विकून मालक पसार झाला होता.

मी हादरले. म्हणजे केस राखले ते फुकटच. मला राहवलं नाही. धाकटा भाऊ अग्नी देत असताना तुम्ही नुसते बघत उभे राहिलात का, असं मी विचारलं.

"मी गेलोच न्हाय की," ते म्हणाले. "आईनं दारातच अडवलं. म्हणाली, केस राखायचं असतील तर राख. पर बाया मसणात जात न्हाईत. तू हितंच बस."

एवढं सांगून म्हातारा ढसाढसा रडला. बायकांत बसवलं, याहून मोठी शिक्षा त्यांना उभ्या जन्मात झाली नव्हती. त्यांच्याभोवती आम्ही सगळ्याजणी बसलो होतो, काही गुन्हा न करता.