सीटच्या कडेला

चुलतभावानं कुलूप तोडून माझ्या गाळ्याचा ताबा घेतला होता. कुणाच्या मदतीशिवाय उभा केलेला गाळा. त्याला तुरुंगात धाडायचंच, या हट्टानं मी घोडेगावच्या कोर्टात निघालो होतो.

एसटीत माझ्या शेजारी पन्नाशीचा एक माणूस सीटच्या अगदी कडेला टेकला होता. जागेसाठी मी नेहमी भांडतो. इथं न मागता मिळालेली जागा पाहून चिडलो.

"पावणं, नीट बसा की. मी काय खातोय का?"

"सवय लागली, भाऊ. आत एका सतरंजीवर आमी तिघं निजायचो. एकानं कूस बदलली की तिघांनी बदलायची."

आत म्हणजे तुरुंगात. चार वर्षांनी कोर्टानं त्याला निर्दोष सोडलं होतं.

तेवढ्यात कंडक्टर आला. खाकी शर्ट दिसताच हा माणूस उठला आणि मान खाली घालून मधल्या वाटेत उकिडवा बसला.

"काका, तिकीट काढायचंय, न्हाव्याम्होरं दाढीला न्हाई बसायचं," कंडक्टर हसला.

तो ओशाळून वर बसला.

"लई मारायचे?" मी विचारलं.

कंडक्टर पुढं गेल्याची त्यानं आधी खात्री केली. मग म्हणाला, "खाली बसायला उशीर झाला की मारायचे. मार इसरलो, राव. गुडघं इसरत न्हाईत."

कोर्टाच्या भिंतीशी चुलतभाऊ उकिडवा बसला होता. त्याला असंच बघायची माझी कित्येक दिवसांची इच्छा होती. राग आजही गेलेला नाही. पण त्या दिवशी मी त्याच्यासमोर जाऊन म्हणालो, "ऊठ. आधी बाकावर बस. तू गाळा सोड, मी केस सोडतो."