हिरॉईनची मिशी

डिंभ्यात आमच्या शेजारच्या घरात एक पेंटर राहतात. दुकानांच्या पाट्या रंगवतात. बोलतात कमी, भुवया जास्त उडवतात. वर्षभर दोन मित्रांसोबत मोबाइलवर सिनेमा करताहेत, तोही मूकपट, कारण मोबाइलचा माइक बिघडलाय.

"बरंच झालं," ते म्हणतात. "आमच्या हिरोला बोलता कुठं येतंय!"

सिनेमा अडला होता हिरॉईनवाचून. एकदा एसटीची वाट बघताना त्यांनी मलाच विचारलं, "ताई, तुमी तशाबी बोलत न्हाई. करता का काम?" मी नकारार्थी मान हलवून पुस्तकात तोंड घातलं. ते हसले, पण बराच वेळ आपल्या भरघोस मिशीवरून हात फिरवत राहिले.

दोन दिवसांनी ती मिशी गायब झाली. आमच्याकडे बाप गेल्यावरच मिशी उतरवतात. कुणीतरी त्यांना तसं पाहिलं आणि दुपारपर्यंत त्यांच्या दारात माणसं जमली. आईबरोबर मीही गेले. त्यांचे वडील ओट्यावर शेंगा सोलत बसले होते.

"कोण गेलं रं?" वडिलांनी विचारलं.

तेवढ्यात शूटिंगला निघालेले ते लुगडं नेसून बाहेर आले आणि गर्दी बघून जागीच थिजले. वडिलांनी त्यांना वरपासून खालपर्यंत निरखलं.

"मी हाय अजून," म्हातारबाबा सगळ्यांना म्हणाले. मग पोराकडे वळले. "पोरगी लई झ्याक दिसती. पदर तेवढा नीट घे, बाई."

हशा पिकला. पदर मात्र खांद्यावर ठरेना. मी ओढणीची पिन काढली आणि पहिल्यांदाच आपणहून त्यांच्याशी बोलले, "थांबा, मी लावून देते."