अडीच गुणिले साडेतीन

पडदा वर जातो तो टोंगाच्या एका लहानशा बेटावर. सकाळची वेळ. डावीकडे पडवीत बायका झाडाची साल मोगऱ्यांनी कुटून तापा कापड करताहेत. उजवीकडे पत्र्याची शाळा. मधोमध फळ्यापुढे, तिथल्या रिवाजाप्रमाणे कमरेला चटई गुंडाळून, खडू हातात घेऊन उभ्या लोसालिनेबाई.

एकतीस वर्षं सहावी त्यांचीच. त्यांचं एक गणितही ठरलेलं, पसरलेल्या दोन हातांच्या मापाचं, म्हणजे वावांचं. तापा अडीच वाव रुंद, साडेतीन वाव लांब. तर किती चौरस वाव? पोरं दोन त्रिक सहा करत, अर्ध्याला अर्ध्याने गुणून पाव काढत आणि सव्वासहा लिहून मोकळी होत. मग बाई चौकोन आखून त्याचे चार तुकडे करत. सहा, एक, दीड, पाव. झाले पावणेनऊ. "कडेच्या दोन पट्ट्या काय डुकरांनी खाल्ल्या?" असं विचारलं की वर्ग खिदळायचा.

यंदा परीक्षेच्या आठवडाभर आधी बाईंनी तेच गणित घातलं, आणि स्वतःच्या हाताने फळ्यावर सव्वासहा लिहिलं. कुणी खिदळलं नाही. चौदा माना वह्यांवर वाकल्या. मोठ्यांची चूक दाखवायची नाही, हे त्या गावात पोर चालायच्या आधी शिकतं.

परीक्षेत तापाऐवजी चटई आली, माप मात्र तेच. चौदाही जणांनी सव्वासहा लिहिलं. त्यांतल्या सिऊलोलोची मोठ्या बेटावरच्या शाळेतली जागा दोन गुणांनी गेली. आता वर्षभर पुन्हा सहावी.

बाईंनी तिची वही मागून घेतली. पुढे सव्वासहा होतं. मागच्या पानावर, बारीक अक्षरात, चौकोनाचे चार तुकडे आणि पावणेनऊ.

बाई तशाच मुख्याध्यापकांकडे गेल्या. चूक माझी, म्हणाल्या. गेले काही महिने विसरून दिवंगत नवऱ्याचंही ताट वाढलं जातं, तेही सांगितलं. मुख्याध्यापक तेविता त्यांचाच जुना विद्यार्थी. त्याची मान वर होईना. पोरांचाच निष्काळजीपणा, तुम्ही जरा थकलात एवढंच, असं पुटपुटून त्याने पुढच्या वर्षीची सहावीही त्यांच्याच नावावर लिहिली. आदर म्हणून.

बाई पडवीत आल्या. मोगऱ्या थांबल्या. सिऊलोलो आईशेजारी साल भिजवत होती.

"येत होतं ना तुला? मग पेपरात का नाही लिहिलंस?"

पोरीने आईकडे पाहिलं. आई घाईने म्हणाली, "बाई, तुमच्यापुढे शहाणपणा करायला ती कोण?"

"तुम्ही फळ्यावर तसं लिहिलं होतं," सिऊलोलो हळूच म्हणाली.

बाई खाली बसल्या. तिचे ओले हात त्यांनी आपल्या हातांत घेतले.  आवाज वर्गातलाच होता, हुकमाचा.

"उद्या तेविता सरांपुढे उभं राहायचं आणि सांगायचं, बाईंचं गणित चुकतं, त्यांना सहावी देऊ नका. मी सांगितलंय म्हणून सांगायचं."